प्रतिवादी क्रमांक चार

“चार नंबर, ही पिशवी धर. मी खाली झेरॉक्सला जाऊन येतो,” मुंजाजी म्हणाला.

चार नंबर म्हणजे मी. न्यायाधिकरणाच्या कागदोपत्री आमचं प्रकरण ‘मुंजाजी सोळंके विरुद्ध शासन व इतर तीन’ असं होतं. पहिला प्रतिवादी शासन, दुसरे आयुक्त, तिसरे आमच्या जिल्ह्याच्या पाणी-तपासणी प्रयोगशाळेचे प्रमुख आणि चौथा मी, हेमंत देऊळगावकर. पहिल्या तिघांना पगार होता.

“कशाचं झेरॉक्स?” मी विचारलं.

“विद्यापीठाच्या पत्राचं. वकिलानं दोन प्रती सांगितल्यात.”

“वकील कुठंय?”

“यायलाय. हायकोर्टातून निघालाय म्हणला.”

कुलथे वकील आठ वर्षं हायकोर्टातून निघतच होते, त्यामुळे मला त्यात नवीन काही वाटलं नाही. मी पिशवी मांडीवर घेतली. मुंजाजी दोन पावलं गेला, परत फिरला, माझ्याकडे बघून म्हणाला, “आत जाऊन बस. पंखा हाय तिथं.” आणि जिना उतरून गेला.

मार्चची चोवीस तारीख होती. आमचं प्रकरण बोर्डावर सतराव्या क्रमांकाला होतं.

भांडण पदवीचंही नव्हतं, पदवीवरच्या एका शब्दाचं होतं. आमच्या जिल्ह्याच्या प्रयोगशाळेत रसायनीचं एक पद निघालं. पात्रता: बी.एस्सी., रसायनशास्त्र. परीक्षेत मुंजाजी पहिला आला आणि मी दुसरा, दोन गुणांनी मागे. कागदपत्रं तपासायच्या दिवशी टेबलावरच्या बाबूला मुंजाजीच्या पदवीवर ‘औद्योगिक रसायनशास्त्र’ असं दिसलं.

“यात औद्योगिक जास्तीचं आहे,” बाबू म्हणाला.

“जास्तीचं शिकलोय, साहेब.”

“जाहिरातीत जास्तीचं मागितलेलं नाही.”

मुंजाजी अपात्र ठरला आणि माझी निवड झाली. तो न्यायाधिकरणात गेला. पहिल्याच तारखेला हुकूम झाला की निकाल लागेपर्यंत पद रिक्त ठेवावं. पद रिक्त राहिलं, पण विहिरी आणि हापसे पाणी देतच होते आणि ते पाणी तपासावं लागत होतं. म्हणून कार्यालयानं मला त्याच जागेवर कंत्राटी घेतलं. अकरा महिने काम, एक दिवस खंड, परत अकरा महिने. कायद्याच्या दृष्टीनं रिकाम्या असलेल्या खुर्चीवर मी आठ वर्षं बसलो होतो. खंडाच्या दिवशीसुद्धा तिथंच बसायचो, फक्त सही करायचो नाही.

मुंजाजी सेलूला बारावीच्या पोरांच्या शिकवण्या घ्यायचा. विषय रसायनशास्त्र. पोरांनी कधी हरकत घेतली नाही.

आमची ओळख कोर्टात नाही, गाडीत झाली. त्या हुकमानंतर मला नोटीस आली आणि माझ्या पहिल्या तारखेला मी परभणीहून निघालो होतो. सेलूला एक जण चढला, माझ्यासमोर बसला, फडकं सोडलं आणि विचारल्याशिवाय अर्धी भाकरी आणि ठेचा माझ्या हातावर ठेवला.

“कुठं?” त्यानं विचारलं.

“कोर्टाचं काम आहे. नोकरीचं.”

“आँ? माझंबी. कोणतं खातं?”

मी सांगितलं. त्यानं नाव विचारलं. तेही सांगितलं. भाकरीचा घास माझ्या तोंडात होता आणि तो गिळावा की कसं, हे कळेना.

“खा, खा,” तो म्हणाला. “स्थगिती पदाला हाय. भाकरीला नाही.”

त्यानंतर आम्ही प्रत्येक तारखेला एकाच डब्यात बसून गेलो. माझ्या वकिलांनी दुसऱ्या वर्षीच सांगितलं होतं, “तुम्ही काही करू नका. विरोध शासन करणारच आहे. तुम्ही फक्त हजर राहा.” मी हजर राहायचो. मुंजाजीचे वकील वेळेवर यायचे नाहीत आणि मुंजाजी त्यांना शोधायला या इमारतीतून त्या इमारतीत पळायचा. तोवर पुकारा झाला की मी उठून म्हणायचो, “साहेब, पासओव्हर.” म्हणजे प्रकरण थोडं मागे ठेवा, माणूस येतोय. खरं तर हे काम समोरच्याच्या कनिष्ठ वकिलाचं. पण कुलथे वकिलांच्या कनिष्ठाला हे काम होत नसे, कारण तोही हायकोर्टातून निघालेला असे. जाताना मुंजाजी दर वेळी सांगायचा, “पुकारलं तर पासओव्हर माग रे.” चाळीसएक तारखांना मी मागितला असेल. गर्दीत न्यायासनावरच्या साहेबांना वाटायचं, मी वकिलाचाच कारकून.

त्या दिवशी त्यानं तसं सांगितलं नाही. इतक्या वर्षांनी काय सांगायचं, असं मी समजलो.

आता त्या चोवीस तारखेला काय होतं, ते सांगतो. खात्याचा नवा आकृतीबंध, म्हणजे मंजूर पदांची यादी, एक एप्रिलपासून लागू होणार होता. एकतीस मार्चला जी पदं रिक्त असतील, ती रद्द. आमचं पद रिक्तच होतं, तसा हुकूमच होता. एकतीसच्या आत प्रकरणाचा निकाल लागला तर जो जिंकेल त्याला नेमणूक, नाहीतर दोघांनाही राम राम. प्रयोगशाळेचे प्रमुख अंबेकर साहेब तसे सज्जन. त्यांनी आदल्या आठवड्यात मला आत बोलावलं आणि कपाटातून एक कागद काढून दाखवला. माझा नेमणूक आदेश टाइप होऊन तयार होता. नाव होतं, पद होतं, वेतनश्रेणी होती. तारखेची जागा तेवढी मोकळी होती.

“स्थगिती उठली की त्याच दिवशी तारीख टाकतो,” साहेब म्हणाले. “हात लावून बघायचाय?”

मी हात लावून बघितला. कागद साधाच होता.

मला सदतिसावं लागलं होतं. रेवतीशी माझा साखरपुडा होऊन तीन वर्षं झाली होती. तिच्या वडिलांनी बोलणीतच सांगितलं होतं, “लग्न नेमणुकीनंतर. कंत्राटी जावई आमच्यात चालत नाही.” रेवती दर तारखेच्या संध्याकाळी फोन करून एवढंच विचारायची, “काय म्हणाले?” मी महिन्याचं नाव सांगायचो. त्या दिवशी मात्र तिनं सकाळीच फोन केला होता. “आज नाही झालं तर बाबांना मी थांबवू शकत नाही,” असं म्हणाली. रडली वगैरे नाही. बँकेची वेळ सांगावी तसं सांगितलं.

आणि मागच्या तारखेला न्यायाधिकरणाच्या साहेबांनी कुलथे वकिलांच्या गैरहजेरीला वैतागून रोजनाम्यात लिहून ठेवलं होतं की अर्जदाराला ही शेवटची संधी. पुढच्या वेळी पुकाऱ्याला अर्जदारातर्फे कोणी नसेल तर अर्ज गैरहजेरीत खारीज.

मी आत जाऊन पंख्याखाली बसलो. बाराव्या क्रमांकाचं झालं, तेराव्याचं झालं. चौदा, पंधरा आणि सोळा या तिघांनीही सुट्टीनंतरच्या तारखा घेतल्या आणि पाच मिनिटांत आटोपले. शिपायानं आमचं नाव पुकारलं.

सरकारी वकीलबाई उठल्या. “शासनातर्फे हजर.”

“अर्जदारातर्फे?” साहेबांनी विचारलं.

शिपाई दारात जाऊन व्हरांड्यात ओरडला, “मुंजाजी सोळंके! मुंजाजी सोळंके हाजिर है?” व्हरांड्यातून एक माणूस डोकावला, तो चहावाला निघाला.

“मागच्या वेळी काय लिहिलंय?” साहेबांनी पान उलटलं, वाचलं, पेनाचं टोपण काढलं.

मी उभा राहिलो.

“साहेब, पासओव्हर.”

पेन थांबलं. “आपण कोण? कुलथे वकिलांकडचे?”

“नाही साहेब. प्रतिवादी क्रमांक चार.”

साहेबांनी चष्म्यावरून बघितलं. मग फाइलीत बघितलं. मग परत माझ्याकडे. “देऊळगावकर?”

“हो.”

“हा अर्ज खारीज करावा, असं उत्तर तुम्ही दाखल केलंय.”

“हो साहेब.”

“मग पासओव्हर कोणासाठी मागताय?”

“अर्जदारासाठी. खाली गेलाय, झेरॉक्सला.”

मागच्या बाकांवर हसू फुटलं. सरकारी वकीलबाई माझ्याकडे वळल्या आणि ओठांनीच म्हणाल्या, “खाली बसा.” मला तेव्हा कळलं मी काय केलं ते. पण उभा राहिलेला माणूस एकदम बसला की जास्तच दिसतो. म्हणून उभाच राहिलो.

“ठेवा मागे,” साहेब म्हणाले. “बोर्ड संपल्यावर परत घेऊ.”

मी बाहेर येऊन मुंजाजीला फोन लावला. फोन माझ्या हातातल्या पिशवीत वाजला. शिपायानं डोळे वटारले. पिशवीत हात घालून मी तो बंद केला. खाली जाऊन शोधावं तर तेवढ्यात आमचं परत पुकारतील, म्हणून दारापाशीच थांबलो. सव्वा वाजता परत पुकारलं.

“आले का अर्जदार?”

“येईलच साहेब.”

साहेबांनी पेन खाली ठेवलं. आवाज जरा हळू करून, शाळेतल्या मास्तरांसारखे म्हणाले, “देऊळगावकर, मी आत्ता हा अर्ज खारीज केला तर फायदा कोणाचा, हे तुम्हाला समजतंय ना?”

“माझा, साहेब.”

“मग?”

इथं गप्प बसायचं होतं. मागे वळून बघतो तेव्हा दिसतं की ती जागा गप्प बसायलाच ठेवलेली होती. साहेबांनी पाट मांडून दिला होता, नुसतं बसायचं होतं. पण आठ वर्षांत मी त्या खोलीत दुसरं काही बोललोच नव्हतो.

“पण तो आहे, साहेब,” मी म्हणालो. “त्याची पिशवी इथंच आहे.” आणि पिशवी वर करून दाखवली.

या वेळी साहेबसुद्धा हसले. हसता हसता त्यांनी मान हलवली. “प्रतिवादीच जर शपथेवर सांगायला तयार आहेत की अर्जदार आवारात हजर आहे, तर मी गैरहजर कसा लिहू? बाई, तुमची हरकत?”

“शासनाला हरकत नाही,” वकीलबाई म्हणाल्या. शासनाला तारखेची हरकत कधीच नसे.

तारीख पडली बारा जून.

मुंजाजी मला सायकल स्टँडच्या मागे, लिंबाच्या झाडाखाली सापडला. चपला काढून, पाय पसरून बसला होता. हातात कागद नव्हते.

“झालं?” त्यानं विचारलं.

“झालं.”

त्यानं एक मोठा श्वास सोडला. “खारीज?”

“खारीज कशी होईल? मी होतो ना आत. पासओव्हर मागितला. तू आलाच नाहीस. मग तारीख घेतली. बारा जून.”

“कोणी मागितला पासओव्हर?”

“मी.”

“तू?”

“मग काय शासन मागणार?”

“अरे गाढवा,” मुंजाजी म्हणाला. मग थोड्या वेळानं परत म्हणाला, “अरे गाढवा.” दुसऱ्यांदा म्हणताना आवाजात राग नव्हता, नुसता शब्द होता.

“झेरॉक्स कुठंय?” मी विचारलं.

“कशाचं झेरॉक्स? सकाळपासून झेरॉक्सवाल्याकडं लाइट नाही.” त्यानं चपलेतला खडा काढून फेकला. “वकील येणारच नव्हता. गाडीतून उतरलो तवाच फोन आलता त्याचा. तारीख घ्या म्हणला. म्हणलं, आता तारीख घेतली की पद माझंबी गेलं आन् तुझंबी गेलं. दोघांतल्या एकाला तरी मिळू द्या. म्हणून इथं येऊन बसलो. फोनसुद्धा पिशवीत टाकला. वाजला असता तर पळत आलो असतो, सवयीनं.”

मी त्याच्याशेजारी बसलो. बसताना पिशवी त्याच्या पुढ्यात ठेवली.

“मला सांगायचं होतंस.”

“सांगितलं असतं तर तू ‘नको मुंजाजी, नको मुंजाजी’ केलं असतंस. दोनदा म्हणला असतास की मलाबी पटलं असतं.”

“मग सरळ अर्ज मागे घ्यायचा.”

“सही करून? आन् बापाला काय सांगू? वकील आला नाही, केस गेली, हे सांगता येतंय. मीच सोडली म्हणून कसं सांगावं? आठ वर्षं सांगायलाय सगळ्या गावाला, पोरगा शासनाला हरवणार म्हणून.” तो थांबला. “आन् हे बघ, मी काय सोडून दिलेलं नाही. दोन मार्क मला जास्तच हायत.”

“माहितेय.”

“तेवढं ध्यानात ठेव.”

“आहे ध्यानात.”

मग एकदम दोघांच्याही डोक्यात एकच आलं. आम्ही उठून जिना चढून वर पळालो. मुंजाजीच्या हातात चपला तशाच. कोर्ट उठलं होतं. आतल्या टेबलावरच्या बाई डबा उघडत होत्या.

“मॅडम, ते सतरा नंबरचं,” मुंजाजी म्हणाला. “ते खारीज करायचंय.”

“तुम्ही कोण?”

“अर्जदार.”

“स्वतःचंच?”

“हो. आत्ता. साहेब हायत का?”

“आदेशावर सही झाली,” बाई म्हणाल्या. “बदलायचा असेल तर वकिलामार्फत अर्ज द्या.”

“दिला तर कधी निघंल?”

बाईंनी डबा बाजूला सरकवून कॅलेंडर बघितलं. “आता लागून सुट्ट्या. तो अर्ज मूळ प्रकरणासोबत निघेल. बारा जूनला.”

परतीच्या गाडीत जालन्याला मुंजाजीनं दोन चहा घेतले. परतूरला रेवतीचा फोन आला.

“काय म्हणाले?”

“जून,” मी म्हणालो.

“बरं,” ती म्हणाली. तिच्या वडिलांनी मात्र तारीख दिली नाही. पुढच्या महिन्यात तिचं लग्न वसमतच्या एका तलाठ्याशी झालं. तो कायम होता.

सेलूला उतरताना मुंजाजी दारातून म्हणाला, “बाराला याच डब्यात बस.”

एक एप्रिलला पद रद्द झालं. मी खात्याकडे रीतसर विनंती केली की निकाल लांबण्यात माझा दोष नाही, सहानुभूतीनं विचार व्हावा. दीड महिन्यानं उत्तर आलं. सोबत चोवीस मार्चच्या आदेशाची प्रत होती आणि एका ओळीखाली पेन्सिलीनं रेघ मारलेली होती: ‘प्रतिवादी क्रमांक चार यांच्या विनंतीवरून प्रकरण तहकूब करण्यात येत आहे.’ अंबेकर साहेबांनी तो टाइप केलेला कागद काय केला, ते मी विचारलं नाही. पाणी तपासणं काही रद्द झालं नव्हतं, म्हणून मला एका ठेकेदार संस्थेमार्फत त्याच खुर्चीवर घेतलं. आजही तिथंच आहे.

निकाल आणखी दोन वर्षांनी लागला. मुंजाजी जिंकला. औद्योगिक रसायनशास्त्र हे रसायनशास्त्रच आहे, अर्जदाराला अपात्र ठरवणं चूक होतं, असं साहेबांनी बावीस पानांत लिहिलं. शेवटच्या परिच्छेदात होतं की पद अस्तित्वात नसल्यानं नेमणुकीबाबत आदेश देता येत नाहीत, मात्र पुढील भरतीत अर्जदारानं अर्ज केल्यास नियमांनुसार विचार व्हावा. नियमांनुसार कमाल वय अडतीस होतं. मुंजाजी एक्केचाळिसात होता, मी एकोणचाळिसात.

निकालाच्या दिवशी मला प्रयोगशाळेतून निघता आलं नव्हतं, म्हणून त्यानं गाडीतून फोन केला. “पात्र ठरलो रे.”

“अभिनंदन.”

“कशाला ते लिहिलेलं नाही.”

निकालाची प्रत आणायला आम्ही दोघंच गेलो. कुलथे वकील येणार होते. खिडकीवर त्याच बाई होत्या. त्यांनी आम्हाला ओळखलं नाही. रजिस्टर पुढे ओढून त्यांनी विचारलं, “यातले जिंकले कोण?”

“मी,” मुंजाजी म्हणाला.

“आणि हे?”

“हे हारले.”

“प्रमाणित प्रत किती काढू? एक?”

“दोन काढा,” मुंजाजी म्हणाला. “हा हायकोर्टात जाणारय, निकालाच्या विरोधात.”

“मी कुठं म्हटलं?” मी म्हणालो.

“जा की,” तो म्हणाला. “तेवढंच येणंजाणं राहील.”

बाईंनी माझ्याकडे बघितलं. मी काही बोललो नाही. त्यांनी रजिस्टरमध्ये दोन लिहिलं.